दुपटीची पन्नास शाब्दिक उदाहरणं : घातांकांनी सोडवतानाच्या नोंदी

३ नोव्हेंबर

आज काम सुरू केलं. ठरवलंय असं : दुपटीवरची पन्नास शाब्दिक उदाहरणं एका वहीत उतरवायची आणि प्रत्येक घातांक वापरून सोडवायचं. नंतर हीच वही आठवी-नववीच्या मुलांना देता यावी, म्हणून चुका खोडायच्या नाहीत, बाजूला लाल शाईने लिहायच्या. वहीत आणि इथेही घात ^ या चिन्हाने लिहिते आहे, म्हणजे २^५ हा २ चा पाचवा घात, ३२, आणि त्यातला ५ हा घातांक.

चार संध्याकाळी पुरतील असा अंदाज होता. पहिल्याच बैठकीत अडीच तासांत नऊ उदाहरणं झाली. मग पडताळा म्हणून तीच नऊ साध्या पद्धतीने केली, एकाखाली एक ओळ लिहून प्रत्येक ओळ दुप्पट करत. चार चुकली होती. चारही ठिकाणी गुणाकार बरोबर होता, घातांकच चुकीचा घेतला होता.

त्यातलं एक : «एका पेशीपासून सुरुवात, दर २० मिनिटांनी संख्या दुप्पट, ३ तासांनी किती?» मी २^३ = ८ लिहून मोकळी झाले होते. तीन तास दिसले, तीन उचलले. खरं तर ३ तास म्हणजे १८० मिनिटं, १८० ÷ २० = ९ वेळा दुप्पट, उत्तर २^९ = ५१२. वेळ हा घातांक नसतो. त्या वेळात दुप्पट *किती वेळा* झाली, तो घातांक. वाक्य साधं आहे, पण पुढचे तीन आठवडे मी वेगवेगळ्या वाटांनी याच वाक्याशी परत येत राहिले.

४ नोव्हेंबर

उरलेल्या तीन चुकांपैकी दोन एकाच जातीच्या निघाल्या.

«तळ्यात शेवाळ रोज दुप्पट पसरतं. पहिल्या दिवशी १ चौरस मीटर होतं. दहाव्या दिवशी किती?» माझं उत्तर २^१० = १०२४. ओळी मांडल्यावर दहाव्या ओळीत ५१२ आले. दोनदा मोजलं, ५१२ च.

भाची शेजारी बसून तिचा अभ्यास करत होती. तिने ओळींवर बोट ठेवलं आणि म्हणाली, "मावशी, पहिल्या दिवशी काही दुप्पट झालंच नाहीये ना. तो तर नुसता आहे." बरोबर. दहा दिवस, पण दुपटी नऊ.

मग तेच उदाहरण जरा बदलून लिहिलं : «सुरुवातीला १ चौरस मीटर. दहा दिवसांनी किती?» इथे १०२४ बरोबर. «दहाव्या दिवशी» आणि «दहा दिवसांनी» यांत एका दुपटीचा फरक आहे, म्हणजे उत्तर थेट निम्मं किंवा दुप्पट. हे लक्षात आल्यावर वहीतली सगळी उदाहरणं पुन्हा चाळली आणि «व्या दिवशी» आणि «दिवसांनी» यांच्याखाली रेघ मारली. पन्नासपैकी एकवीस ठिकाणी यातलं एक सापडलं.

उपाय म्हणून आकृती ठरवली. आडवी रेघ ओढायची, तिच्यावर दिवसांच्या उभ्या खुणा, पहिल्या खुणेखाली सुरुवातीची संख्या. एका खुणेवरून पुढच्या खुणेवर कमान काढायची आणि कमानीवर ×२ लिहायचं. घातांक म्हणजे कमानींची संख्या. खुणा मोजायच्या नाहीत, कमानी मोजायच्या. आजच्या दोन तासांतला पाऊण तास या आकृतीवर गेला, पण आतापर्यंतच्या कामातला सर्वांत कामाचा पाऊण तास तोच.

याच तळ्याचं जुनं उदाहरण : तळं ३० व्या दिवशी पूर्ण झाकलं, तर पाव तळं कधी झाकलेलं होतं? कमानी उलट्या दिशेने मोजायच्या. एक मागे अर्धं, दोन मागे पाव, म्हणजे २८ वा दिवस. इथे सुरुवातीची संख्या माहीत असण्याची गरजही नाही.

६ नोव्हेंबर

आज फक्त दोन उदाहरणं, आणि दोन्हींनी दमवलं. शब्द होता «दिवसाआड».

«पहिल्या दिवशी ५ जणांना बातमी कळली. बातमी कळलेल्यांची संख्या दिवसाआड दुप्पट होते. १५ व्या दिवशी किती?» दिवसाआड म्हणजे १, ३, ५, ७... असे दिवस. दोन खुणांमधलं अंतर २ दिवस. १५ − १ = १४, १४ ÷ २ = ७ कमानी, ५ × २^७ = ६४०. हे नीट झालं.

दुसऱ्यात होतं «दोन दिवसांआड», १९ व्या दिवशी किती? मी अंतर २ धरलं : १८ ÷ २ = ९, ५ × ५१२ = २५६०. पण दोन दिवसांआड म्हणजे मध्ये दोन दिवस मोकळे : १, ४, ७, १०... अंतर ३ दिवसांचं. १८ ÷ ३ = ६, ५ × ६४ = ३२०. माझं उत्तर आठपट मोठं होतं. बोलताना आपण हा शब्द कधी चुकत नाही. औषध दोन दिवसांआड घ्यायला सांगितलं तर बरोबर घेतो. गणितात मात्र वाक्यातला आकडा दिसला की तोच उचलला जातो.

वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलं : «आड» दिसलं की आकड्यात १ मिळवा. दिवसाआडमध्ये आकडा लिहिलेला नसतो, तरी तो १ असतो, म्हणून अंतर २.

७ नोव्हेंबर

अकरा उदाहरणं सलग बरोबर. कमानींचा फायदा दिसतोय.

एक चूक भाचीच्या वहीत दिसली, ती इथे नोंदवते. ३ पासून सुरुवात, पाच वेळा दुप्पट. तिने (३ × २)^५ = ६^५ = ७७७६ काढलं. उत्तर ३ × २^५ = ९६. सुरुवातीचे ३ एकदाच येतात, प्रत्येक कमानीवर येत नाहीत. कमानींवर ६ लिहून पाहा म्हटल्यावर तिनेच खोडलं.

९ नोव्हेंबर

आज शब्दांवरच अडले. तीन उदाहरणांत «दुपटीने वाढली» असं लिहिलेलं होतं. संख्या ४०० होती आणि दुपटीने वाढली, तर ८०० झाली की ४०० मध्ये ८०० ची भर पडून १२००? मी बिनदिक्कत ८०० धरत होते. मग तीन मोठ्या माणसांना विचारलं, दोघं ८०० म्हणाले, एक १२००. एकाच पायरीत फरक दीडपट आहे, पण पाच पायऱ्यांनंतर ४०० × २^५ = १२,८०० आणि ४०० × ३^५ = ९७,२०० एवढं अंतर पडतं.

तिन्ही उदाहरणं नव्याने लिहिली : «दुप्पट झाली». उदाहरण लिहिणाऱ्याने हा शब्द टाळावा असं माझं ठाम मत झालंय. सोडवणाऱ्याने मात्र तो समोर आला तर आपण कोणता अर्थ धरला ते उत्तराआधी लिहावं.

१० नोव्हेंबर

बुद्धिबळाच्या पटाचं उदाहरण. पहिल्या घरात गव्हाचा १ दाणा, दुसऱ्यात २, तिसऱ्यात ४, अशी ६४ घरं. अल्-बिरुनी या मध्ययुगीन विद्वानाने हजार वर्षांपूर्वीच याची बेरीज काढून ठेवली आहे.

पहिली चूक : प्रश्न *एकूण* दाण्यांचा होता, मी शेवटच्या घराचे काढत बसले. शेवटच्या घरात २^६३, कारण ६४ घरांमध्ये ६३ कमानी. एकूण बेरीज मात्र २^६४ − १. हे छोट्या उदाहरणात पाहून घ्यावं : १ + २ + ४ + ८ = १५, म्हणजे पुढच्या पदापेक्षा एकने कमी. कितीही पुढे गेलं तरी हेच.

दुसरी चूक जास्त महागात पडली. २^६४ − १ स्प्रेडशीटमध्ये घातलं, तिने १८४४६७४४०७३७०९६००००० असं दाखवलं आणि मी ते तसंच वहीत उतरवलं. रात्री पुन्हा पाहताना शेवटची पाच शून्यं खटकली. २ चा कुठलाही घात सम असतो, त्यातून १ वजा केला की विषम संख्या यायला हवी, ती शून्यात कशी संपेल? शिवाय २ च्या घातांचा शेवटचा अंक २, ४, ८, ६ असाच फिरत राहतो, शून्य कधीच येत नाही. ६४ ला ४ ने पूर्ण भाग जातो, म्हणून २^६४ चा शेवटचा अंक ६, आणि बेरजेचा ५.

झालं असं की स्प्रेडशीट १५ अंकांपर्यंतच खरी संख्या दाखवते, पुढे शून्यं भरते. वजा केलेला १ तिच्या लेखी नव्हताच. खरी संख्या हातानेच काढायची ठरवली.

११ आणि १२ नोव्हेंबर

दोन दिवस एकाच आकड्यावर. वेळ साडेचार तास. खेद नाही, कारण इथे घातांकांचा नियम प्रत्यक्ष राबला.

६४ वेळा दुप्पट करत बसायचं नव्हतं. (२^क)^२ = २^(२क), म्हणजे वर्ग केला की घातांक दुप्पट. २ चा वर्ग ४, मग १६, २५६, ६५,५३६, मग २^३२ = ४,२९,४९,६७,२९६, आणि त्याचा वर्ग केला की २^६४. सहा वर्गांत काम संपतं.

शेवटचा वर्ग अवघड. संख्येचे ४२९४९ आणि ६७२९६ असे दोन तुकडे केले आणि (अ + ब)^२ वापरलं. पहिल्या प्रयत्नात उत्तर आलं १,८४,४६,४५,५०,४४,११,९१,५१,६१६. शेवटचा अंक ६, ठीक वाटलं. मग ९ ने भागून बाकीचा पडताळा घेतला. २^६ = ६४ ला ९ ने भागल्यावर बाकी १. घातांक ६४ म्हणजे सहाचे दहा गट आणि वर ४, म्हणून २^६४ ची बाकी तीच जी २^४ = १६ ची, म्हणजे ७. माझ्या उत्तरातल्या अंकांची बेरीज ७६, त्यावरून बाकी ४. चूक नक्की होती, फक्त कुठे ते सापडायला पन्नास मिनिटं लागली. मधलं पद २अब असतं, मी अबच घेतलं होतं.

दुरुस्त करून २^६४ आलं, त्यातून १ वजा : १,८४,४६,७४,४०,७३,७०,९५,५१,६१५. वजा करण्याआधीच्या अंकांची बेरीज ८८, बाकी ७. जुळलं.

वर्ग करत जाण्याची ही युक्ती फार जुनी आहे. पिंगलांच्या छंदःशास्त्रात न अक्षरांच्या चरणाचे लघु-गुरूचे किती प्रकार होतात ते काढण्यासाठी हीच रीत सूत्रांत सांगितली आहे, आणि दहाव्या शतकातल्या हलायुधांनी तिचं विवरण केलं. एक अक्षर वाढलं की प्रकार दुप्पट, कारण प्रत्येक जुन्या रचनेपुढे लघु किंवा गुरू जोडता येतो. रीत अशी : संख्या सम असेल तर निम्मी करा आणि पुढे २ ही खूण लिहा. विषम असेल तर १ वजा करा आणि ० ही खूण लिहा. शून्यापर्यंत जा. मग १ घेऊन खालून वर या, ० दिसलं की दुप्पट, २ दिसलं की वर्ग. सहा अक्षरांसाठी करून पाहिलं : ६ → ३ (२), ३ → २ (०), २ → १ (२), १ → ० (०). खालून वर : १, दुप्पट २, वर्ग ४, दुप्पट ८, वर्ग ६४. हे पहिल्यांदा हाताने करून ६४ आल्यावर मी वही बाजूला ठेवून काही वेळ नुसती त्या चार खुणांकडे पाहत होते.

हे एक्कावन्नावं उदाहरण म्हणून वहीत घातलं : आठ अक्षरांच्या चरणाचे प्रकार किती? २^८ = २५६.

१४ नोव्हेंबर

कागदाच्या घड्यांचं उदाहरण, या वेळी कागद हातात घेऊन. ५०० कागदांचा गठ्ठा मोजला, जाडी जवळपास ५ सेंटीमीटर, म्हणून एक कागद ०.१ मिलीमीटर. ४२ घड्यांनंतर जाडी २^४२ × ०.१ मिमी. २^४२ = ४३,९८,०४,६५,११,१०४, म्हणजे जाडी सुमारे ४,३९,८०५ किलोमीटर. चंद्राचं सरासरी अंतर ३,८४,४०० किलोमीटर आहे, म्हणून ४२ व्या घडीला तो मागे पडतो, ४१ व्या घडीला नाही. एककांत एकदा चुकले : मिलीमीटरवरून किलोमीटरवर येताना १० लाखांनी भागायचं, मी एक लाखाने भागलं होतं.

मग खरी घडी घालून पाहिली. ए-फोर कागद, लांबीच्या दिशेनेच घडी घालत गेले. पाच घड्यांनंतर ३२ थर, रुंदी ९ मिलीमीटरच्या आसपास, जाडी ३ मिलीमीटरच्या वर. सहावी घडी बोटांनी बसेना, कडा उलगडून बाहेर येत होत्या. बाहेरच्या थराला आतल्या सगळ्या थरांना वळसा घालावा लागतो, आणि त्या वळशातच कागद संपतो. अमेरिकेतल्या ब्रिटनी गॅलिव्हन हिने शाळेत असताना याचं सूत्र काढलं आणि २००२ साली सुमारे १२०० मीटर लांब कागदाला एकाच दिशेने १२ घड्या घालून दाखवल्या. तिच्या सूत्रात ०.१ मिमी जाडी घालून पाहिली : ६ घड्यांना किमान २२ सेंटीमीटर, ७ घड्यांना ८८ सेंटीमीटर लागतात. एका घडीने जाडी दुप्पट होते, पण लागणारी लांबी जवळजवळ चौपट. म्हणजे दुपटीच्या गणितात ४^न लपलेलं होतं, ते घडी घातल्याशिवाय मला दिसलं नव्हतं.

१६ नोव्हेंबर

जिवाणू. ई. कोलाय हा जिवाणू पोषक द्रावणात, अनुकूल तापमानात साधारण २० मिनिटांत दुप्पट होतो. «एकापासून सुरुवात, २४ तासांनी किती?» ७२ कमानी, २^७२. हाताने काढण्याऐवजी अंदाज घेतला : २^१० = १०२४, म्हणजे जवळपास १०००. मग २^७० म्हणजे जवळपास १०^२१, आणि २^७२ त्याच्या चौपट, ४ × १०^२१. खरं उत्तर ४.७ × १०^२१. दर दहा दुपटींमागे २.४ टक्के सोडून दिले होते, सात वेळा सोडल्यावर ते अंगावर आले. परिमाण कळायला एवढं पुरतं.

पण एका जिवाणूचं वजन साधारण १०^−१२ ग्रॅम धरलं तर दिवसाअखेर हे सुमारे ४,७०० टन होतात. असं कुठल्याही भांड्यात घडत नाही, त्याच्या फार आधी अन्न संपतं. मी उदाहरण बदलून वेळ ४ तासांवर आणली : १२ कमानी, ४०९६. उदाहरणातली वाढ जेवढा वेळ खरी राहू शकते तेवढाच वेळ द्यावा, नाहीतर मूल उत्तराकडे विचार न करता पाहायला शिकतं.

याच गटातलं : १००० जिवाणू, ५० मिनिटांनी किती? ५० ÷ २० = २.५. अडीच कमानी! मी आधी दोन दुपटींचे ४००० आणि तीनचे ८००० घेऊन मधले ६००० लिहिले. चूक. अर्धी कमान म्हणजे अशी संख्या, जिने दोनदा गुणल्यावर दुप्पट व्हावी, म्हणजे २ चं वर्गमूळ, १.४१४. म्हणून १००० × ४ × १.४१४ = ५६५७ च्या आसपास.

१८ नोव्हेंबर

उलटे प्रश्न : घातांकच शोधायचा. «३ पासून सुरुवात, दहा लाख कितव्या दुपटीला ओलांडतील?» भाचीने दहा लाखांतून ३ वजा केले. वजाबाकी नाही, भागाकार : २^न किमान ३,३३,३३४ हवा. २^१८ = २,६२,१४४ कमी पडतो, २^१९ = ५,२४,२८८ पुरतो, उत्तर १९. यासाठी २^१ ते २^२० चा तक्ता (शेवटचा १०,४८,५७६) वहीच्या मागच्या पानावर चिकटवला. लॉगॅरिदम (घातांक थेट काढून देणारी रीत) मुद्दाम वापरला नाही, तक्त्यावर बोट फिरवताना संख्या कशा फुगतात ते दिसतं.

२० नोव्हेंबर

निम्मं होण्याची उदाहरणं, सात. कार्बन-१४ चं अर्धायुष्य (निम्मं उरायला लागणारा काळ) ५७३० वर्षं, २२,९२० वर्षांनी किती उरेल? चार कमानी, प्रत्येकीवर ×½, उत्तर १/१६. आयोडीन-१३१ चं साधारण ८ दिवस, ४० दिवसांत किती *नष्ट* होईल? मी १/३२ लिहिलं. ते उरलेलं आहे. नष्ट झालेलं ३१/३२.

पूर्वजांचं उदाहरणही दुरुस्त केलं. ३० पिढ्या मागे २^३० = १,०७,३७,४१,८२४ पूर्वज असं लिहिलं होतं. वंशवृक्षात *जागा* तेवढ्या असतात, पण अनेक जागांवर तीच माणसं पुन्हा येतात. प्रश्नात «पूर्वज किती» च्या ऐवजी «जागा किती» असं केलं.

२३ नोव्हेंबर

एक्कावन्न उदाहरणं पूर्ण. अकरा-बारा बैठका, एकूण ३१ तास, दोन वह्या. चार संध्याकाळींच्या हिशोबाचं असं झालं.

भाचीला सगळी उदाहरणं उत्तरं झाकून दिली, तीन दिवसांत तिने संपवली. ४३ बरोबर. चुकलेल्या आठांपैकी पाच «आड» आणि «व्या दिवशी» ची. एकही गुणाकाराची चूक नाही.

शेवटचं चुकलेलं : जानेवारीअखेर २० होते, दर महिन्याला दुप्पट, डिसेंबरअखेर किती? तिने २० × २^१२ केलं होतं. मी काही बोलले नाही, फक्त पेन्सिल पुढे केली. तिने रेघ ओढली, बारा खुणा केल्या, एकेक कमान मोठ्याने मोजली, अकरावर थांबली, आणि ८१,९२० खोडून शेजारी ४०,९६० लिहिलं.